अवसर आहे

तंजावूर,
सोमवार, ३ मार्च २०२५

चि. भरद्वाज यास अनेक आशीर्वाद. वि. वि.

आज सकाळी अकरा वाजून दहा मिनिटांनी तुझं पत्र आलं आणि अकरा वीसला घरात रडारड सुरू झाली. तू पुण्यात घशाचा डॉक्टर, म्हणून तुझ्या वेंकूमावशीच्या गळ्यातल्या गाठीचे रिपोर्ट तुला पाठवले. इथले सर्जन तुम्हीच ठरवा म्हणून मोकळे झाले होते. घरात देवनागरी वाचणारी मी एकटी. मोठ्यानं वाचलं: शस्त्रक्रियेला अवसर आहे. बस्स? इतकी घाई कशासाठी, ते लिहायला शाई संपली? वेंकूनं तिरुवैयारूहून गाणं शिकायला आलेल्या मुलींना परत पाठवलं आणि तंबुऱ्यावर खोळ चढवली. ऑपरेशन शुक्रवारी. आवाज गेला तर ती शिकवणार कशानं, बोटांनी?

रागातली,
सुप्रभामावशी

पुणे,
मंगळवार, ४ मार्च

ती. सुप्रभामावशीस सा. न. वि. वि.

पत्राचा फोटो पाहून हादरलो. मावशी, अवसर म्हणजे सवड! घाई नाही, असंच मी लिहिलं होतं. सुईच्या तपासणीत कर्करोग आढळला नाही. सहा महिन्यांनी पुन्हा स्कॅन करू, तोवर कापायचं कारण नाही. मी ‘नॉट अर्जंट’ लिहिणार होतो, पण इंग्रजी शब्द दिसला तर पत्र परत पाठवीन, असं तूच बजावलं होतंस. म्हणून शोधून चांगला मराठी शब्द घातला. शुक्रवार रद्द करा. वेंकूमावशीला नमस्कार. रागातही लोभ असू दे.

तुझा,
भरद्वाज

तंजावूर,
मंगळवार, ४ मार्च, दुपार

चि. भरद्वाज यास आशीर्वाद, तूर्त अर्धेच.

सवड? अरे, तमिळ ऐकत आमच्या पिढ्या गेल्या. इथे अवसर म्हणजे घाई! दूध उतू जाताना ओरडतो आम्ही तो शब्द. कॉन्व्हेंटच्या सिस्टरांनी छडी मारून देवनागरी वाचायला शिकवलंय मला. एक अक्षर चुकले नाही. तुम्ही डॉक्टर शब्द निवडता तो आपल्या कानाला गोड लागेल असा. समोरच्याच्या पोटात तो काय होऊन उतरतो, हे कधी विचारलंत? आता ‘आढळला नाही’. वेंकू म्हणते, आढळला नाही म्हणजे लपलाय.

तुझं पत्र वाचून दाखवलं, तर म्हणाली, अक्का, काल एक वाचलंस, आज उलटं वाचतेस, माझं मन राखायला. माझ्या वाचण्यावर तिचा विश्वास उरला नाही.

तेव्हा आपल्या घरातल्या मराठीत, पण तमिळ अक्षरांत लिही. लहानपणी मीच गिरवून घेतलीत तुझ्याकडून. ती स्वतः वाचेल, मधे मी नको. आढळला नाही म्हणजे किती खात्री, तेही लिही. हॉस्पिटलला उद्या पाचपर्यंत कळवायचंय. चारच्या आत तुझ्या हातचा कागद, सहीसकट, फोटो काढून पाठव. फोनवर बोललेलं चालणार नाही. उरलेले आशीर्वाद कागद पोचल्यावर.

आणि पुन्हा अवसर लिहिलास, तर गाठ माझ्याशी आहे.

सुप्रभामावशी