सातव्या पानावरची भिंत

६ फेब्रुवारी १९९६, मंगळवार

'वाद नको' म्हणे! कसला वाद? माझ्या आईच्या घरातल्या भिंतीचा?

पुण्याहून चित्र परत आलं. पुस्तक लहान मुलांचं. आजी नातीकडून अक्षरं गिरवायला शिकते, एवढीच गोष्ट. सातव्या पानावरची आजी मी आईला समोर बसवून काढली. तीन दिवस बसली बिचारी, ठेवणीतलं हिरवं लुगडं नेसून, मांडीवर पाटी घेऊन. मागची भिंतही आमचीच – निळसर, पोपडे आलेली, मधोमध बाबासाहेबांचा फोटो, त्याला सुकलेला हार. प्रकाशनाच्या रश्मीताईंनी त्या फोटोभोवती पेन्सिलीनं गोल केलाय. समासात लिहिलंय, 'इथे देवघर किंवा कॅलेंडर दाखवता येईल का? लहानांच्या पुस्तकात वाद नको. वाईट वाटून घेऊ नका.'

घेतलं. चांगलं पोटभर वाईट वाटून घेतलं. जेवण गेलं नाही.

७ फेब्रुवारी, बुधवार

आठवी अ ला वर्गात कळशी आणि दोन वांगी काढायला लावली आणि मी रश्मीताईंना पत्र लिहीत बसलो. तीन कागद फाडले. पहिल्यात शिव्या, दुसऱ्यात विनवणी, तिसऱ्यात पुन्हा शिव्या. पोरं हसत होती. घरी आल्यावर कळलं, पेन्सिल कानावर तशीच ठेवून अख्ख्या जामखेडच्या बाजारातून आलो.

८ फेब्रुवारी, गुरुवार

दीपाचं म्हणणं, सरळ नाही म्हणून कळवा, चिडचिड करून बायको-आईचं डोकं कशाला उठवता? हे नवऱ्याला समजावणं झालं की रागावणं, ते अजून कळत नाही!

आईला सांगायचं नव्हतं. दीपानं सांगून टाकलं. आई ज्वारी निवडत होती. मान वर न करता म्हणाली, "खोडायचं तर माझं तोंड खोडा म्हनाव त्या बाईला. तो फोटू तुझ्या बापानं नागपूरहून छातीशी धरून आनलाय."

वडील रस्त्याच्या कामावर खडी फोडायचे. रंभाजी खडीवाले म्हणूनच लोक ओळखायचे. छप्पन साली नागपूरहून येताना बसायला जागा मिळाली तरी बसले नाहीत, काच फुटेल म्हणून. त्याच फोटोखाली बसून मी पहिलं अक्षर गिरवलं. आणि तिथं म्हणे कॅलेंडर! कुठलं टांगू? साबणाच्या कंपनीचं चालेल?

१० फेब्रुवारी, शनिवार

शेवटी एसटीडी बूथवरून पुण्याला फोन लावला.

रश्मीताई वाईट बाई नाही, हाच तर वैताग! वाईट असती तर भांडायला सोपं गेलं असतं. आधी आईची तब्येत विचारली, मग माझ्या डोळ्यांची. मग म्हणाली, "छगनराव, नऊ वर्षं तुम्ही आमची पुस्तकं करताय. तुमच्या चित्रांत आधी कधी असं काही नसायचं. आत्ताच का?"

आत्ताच का! मी म्हणालो, असणारच, तुम्हीच पुसून छापलं असेल. त्यावर शांतपणे म्हणाली, की छापून झालं की मूळ चित्रं तुमच्याकडेच परत येतात, पेटीत असतील, बघा एकदा. मी फोन आपटला. बूथवाला गोरक्षनाथ आधी फोनकडे बघत राहिला, मग माझ्याकडे.

११ फेब्रुवारी, रविवार

नगरच्या दैनिकाचं या आठवड्याचं व्यंगचित्र एका बैठकीत उतरलं. चष्मा लावलेली एक बाई, हातात विटेएवढा खोडरबर, घराची भिंत घासतेय. खाली ओळ – 'बाळांनो, भिंत स्वच्छ झाली!' राग असला की रेघ कशी सुटते! कारखान्याच्या चेअरमनला काढलं, आमदाराला काढलं, तहसीलदाराला खुर्चीसकट काढलं. कुणाची भीडभाड ठेवली नाही. हिचीच कशाला ठेवू?

उद्या दुपारच्या एसटीनं कंडक्टरच्या हाती पाकीट रवाना.

१२ फेब्रुवारी, सोमवार

पाकीट दिलं नाही. म्हटलं, आधी पुरावा काढू. शाळेला दांडी मारून पत्र्याची पेटी उघडली. नऊ वर्षांची मूळ चित्रं, पेन्सिलीच्या कच्च्या कागदांसकट. एक जरी खोडल्याची खूण सापडली, तरी तीच रश्मीताईंच्या तोंडावर मारणार होतो.

दारात तुळस. आत देवघर, समई. गुरुजींना शेंडी. पुढच्या पुस्तकात पुन्हा तुळस, आजोबांच्या गळ्यात जानवं. सशाच्या गोष्टीतसुद्धा सशाच्या दारात तुळस! कच्चे कागद उजेडात धरून पाहिले. तिथंही तेच. खोडल्याची खूण कुठंच नाही. तुळस दाखवा म्हणून मला कुणी पत्र पाठवलं होतं? कुणी नाही. हात आपोआप तिकडंच जायचा. आमच्यासारखं घर एकसुद्धा नाही. एकसुद्धा!

आई शेजारी बसून एकेक चित्र हातात घेत होती, कडेकडेनं, डाग पडू नये म्हणून. म्हणाली, "लई चांगली घरं काढतोस. पयल्यापासून बघते मी. लोकांची हाईत, म्हनून कदी काय बोलले न्हाई."

मला वर बघवेना.

१३ फेब्रुवारी, मंगळवार

सातवं पान जसंच्या तसं पुण्याला परत पाठवलं, रजिस्टर करून. छापायचं तर हेच, नाहीतर पुस्तक दुसऱ्याकडून करून घ्या. रश्मीताईंची चूक ती चूकच.

व्यंगचित्रही दुपारच्या गाडीनं गेलं. भिंत तीच, खोडरबर तोच. बाई मात्र आता नाही. तिच्या जागी टक्कल पडलेला एक माणूस आहे, कानावर पेन्सिल ठेवलेला. आईनं लगेच ओळखला.