चतुर्थीला मुंबईला कोण येतं?

लालबाग,
अनंत चतुर्दशीनंतरचा बुधवार

लहूदादास,

रघुवीरचा साष्टांग नमस्कार. (साष्टांग अशासाठी, की उभं राहून तुझ्याकडे बघायला मला तोंड राहिलेलं नाही.) तुझी तब्येत, तुझा गुडघा, नातवंडं, यंदाचं भात, सगळं ठीक असेल अशी आशा करतो. आशाच करावी लागते, कारण फोन तू घेत नाहीस. दर वेळी तुझी सून मालन सांगते, "बाबा गोठ्यात गेले आसत." दादा, तुझ्या गोठ्यात एकच म्हैस आहे. तिच्यापाशी बसून तू इतका वेळ काय बोलतोस? माझ्याविषयीच बोलत असणार, आणि एव्हाना म्हशीचंही माझ्याबद्दलचं मत पार बिघडलं असणार. म्हणून हे पत्र. कणकवलीला तुला गाडीतून उतरावं लागलं ते माझ्यामुळे, हे आधीच सांगून टाकतो. कसं ते आता वाच. रागवायचंच आहे, तर निदान सगळी हकिगत कळल्यावर रागव.

मी निवृत्त झालो तेव्हा बँकेनं माझ्या गळ्यात एक क्रेडिट कार्ड मारलं. ते मी तांदळाच्या डब्यात ठेवलं होतं (नलूच्या पाटल्याही तिथेच असतात, हे पत्र कुणाला दाखवू नकोस). कधीतरी आमची लेक सुमेधा अँटॉप हिलहून येते, तेव्हा त्यावर आमचं विजेचं बिल भरून देते, एवढाच त्याचा उपयोग. श्रावणात त्याचं स्टेटमेंट आलं. विजेच्या बिलाखाली आणखी एक ओळ होती : गुरगावच्या कुठल्याशा कंपनीला प्रवासाचे पैसे. आता तूच सांग, माझी नोकरी दादरला, सासुरवाडी गिरगावात. माझा सगळा प्रवास बेस्टच्या एका तिकिटात मावायचा. गुरगाव कुठल्या दिशेला आहे हेही मला सुमेधाच्या शाळेच्या नकाशात बघावं लागलं. मी नलूला विचारलं. ती नारळ खवत होती. मान वर न करता म्हणाली, असेल काहीतरी, तुम्ही लक्ष देऊ नका. इतक्या वर्षांच्या संसारात या बाईनं पैशांच्या बाबतीत कधी 'लक्ष देऊ नका' म्हटलेलं नाही. तिथेच मला शंका यायला हवी होती. आली, पण गुरगावच्या लोकांची आली.

बँकेला फोन लावला. बराच वेळ सनई ऐकवल्यावर एक मुलगी हिंदीतून बोलू लागली. तिनं शोधून सांगितलं, की ही कंपनी तिकिटं विकते, तिकीट आहे कणकवली ते परळ, चतुर्थीच्या आदल्या संध्याकाळचं, आणि प्रवासी एल. डी. परब. घरातल्याच कुणीतरी काढलं असेल, नीट आठवून बघा, असंही म्हणाली बिचारी. पण माझ्यातला विमा कंपनीतला कारकून तोवर जागा झाला होता. (खोटे दावे पकडण्यात माझी हयात गेली, तुला ठाऊक आहे. जिवंत माणसाच्या तेराव्याचा खर्च मागणारे पाहिलेत मी.) मी तिला म्हटलं, बाई, त्या दिवशी सगळं लालबाग-परळ कोकणात जातं. माणसं मिळेल त्या टेम्पोत उभी राहून जातात, आणि मुंबईकडे येणाऱ्या गाड्या रिकाम्या येतात. घरचा गणपती टाकून त्या दिवशी मुंबईला येणारा परब हा परब असूच शकत नाही! मग ती मुलगी हिंदी सोडून एकदम म्हणाली, "खरां हा तुमचां, काका. चवतीक मुंबयक कोण येता?" देवगडची निघाली. पुढे तिनं काही विचारलं नाही. एकच विचारलं, की या परबांना तुम्ही ओळखता का?

दादा, खोटं सांगत नाही. एल. डी. म्हणजे लहू धर्मा, हे क्षणभर माझ्या मनात येऊन गेलं. पण मला आठवला तो संपानंतरचा तू, खांद्यावर वळकटी आणि काखेत पखवाज घेऊन शेजारच्या खोलीतून निघालेला, जिना उतरणारा. गिरणीचा भोंगा वाजेल तेव्हाच परत येईन, असं सगळ्या चाळीसमोर म्हणाला होतास. भोंगा गेला, गिरणी गेली, तू कापड विणायचास त्या साच्याच्या जागी आता काचेच्या दुकानात बूट विकतात. सुमेधाच्या लग्नालासुद्धा तू आला नाहीस, उकडे तांदूळ आणि कोकमं पाठवलीस. म्हटलं, सगळ्या सिंधुदुर्गातले परब येतील, हा एक येणार नाही. मी तुला इतका ओळखतो, दादा, म्हणूनच तिला म्हणालो, नाही, ओळखत नाही.

पैसे परत आले. नलूला मी मुद्दाम काही सांगितलं नाही. (बायकोनं लक्ष देऊ नका म्हटलेलं असताना लक्ष देऊन जिंकलेली लढाई सणाच्या दिवशी जेवताना सांगावी, अशी माझी इच्छा.) आणि तिनं मला सांगितलं नव्हतं, की चाळ पाडणार, हा इथला शेवटचा गणपती, असं कळवून तिनं तुला राजी केलंय आणि सुमेधाकडून तिकीट काढवलंय. तूच म्हणे तिला बजावलं होतंस, की रघूला सांगू नको, नाहीतर तो परळच्या नाक्यावर स्वागताला बेंजो लावील. खरं आहे, लावला असता. तर दहा बाय बाराच्या खोलीत आम्ही नवरा-बायको आपापलं गुपित सांभाळत एकमेकांना चुकवत फिरत होतो.

चतुर्थीच्या सकाळी नलूनं वडे केले, काळ्या वाटाण्याचं सांबारं केलं. दर थोड्या वेळानं गॅलरीत जाऊन बघत होती. मला वाटलं, मूर्तीची वाट बघतेय. मग मालनचा फोन आला. गाडी सावंतवाडीहून जवळजवळ रिकामीच आली. तू पखवाज चादरीत गुंडाळून चढलास. क्लीनरनं मोबाइल बघून सांगितलं, की तिकीट रद्द आहे, कार्डवाला म्हणतो या माणसाला ओळखत नाही. ड्रायव्हर भला, म्हणाला, बसा काका, गाडीत आहे कोण, थोडे पैसे द्या. आणि तू म्हणालास, "रघू माका ओळखणा नाय, तर मी खंय जाव?" आणि उतरलास. घरचा गणपती मुलाच्या हाती सोपवून निघालेला माणूस, वाडीभर सांगून निघालेला, तू त्याच रस्त्यानं परत चालत गेलास. त्या दिवशी वडे मला गिळवले नाहीत. नलूनं तुझ्यासाठी काढलेलं पान उचलून ठेवलं. चार शब्द सुनावले असते तर बरं झालं असतं.

आरती झाली. भजनाला ताल धरायला चाळीतल्या शिवानं पिठाचा डबा वाजवला. सगळ्यांनी गोड मानून घेतलं, मी गॅलरीत जाऊन उभा राहिलो. फार वाईट वाटलं, दादा. अजून वाटतं.

थोरांना नमस्कार, मुलांना आशीर्वाद, म्हशीला काय सांगायचं ते तू सांग.

तुझा (ओळखीचा),
रघुवीर

ता. क. चाळ दिवाळीनंतर पाडणार. कोजागिरीला गच्चीवर शेवटचं भजन ठरलंय. शिवाला डबा आणू नकोस असं मी सांगून ठेवलंय. पुढचं तुला समजलं असेल.

आणखी ता. क. कार्ड नलूनं कात्रीनं कापलं. या वेळची तिकिटं मी परळला खिडकीवर रोख पैसे देऊन काढलीत. जाण्याचं एक, येण्याची दोन. दुसऱ्या तिकिटावर 'लहू धर्मा परब' असं पूर्ण नाव लिहून घेतलंय. खिडकीवरच्या माणसानं विचारलं, कोण हे? मी सांगायला लागलो, तर मागच्या रांगेनं आरडाओरडा केला.

शेवटचं. हे पत्र टपालात टाकत नाही. मालनच्या हातात देऊन मी अंगणात उभा आहे. तू गोठ्यात असशीलच, सावकाश वाच. वाचून झालं, आणि मालननं विचारलं, की बाहेर कोण आलाय, ओळखता काय, तर तुला वाटेल ते सांग. मी तक्रार करणार नाही.