देवजींचा उजवा पाय

१३ नोव्हेंबर, बुधवार

नाही जमलं. आजही नाही! चौथ्या मिनिटाला स्वरूपचा खांदा निसटला आणि मिताली धाडकन लादीवर. ती हसत उठली. हसली म्हणून मी ओरडले. ओरडायला नको होतं.

पाच जण, बावीस मिनिटं, आणि त्यातला एक जण कायम वर — कुणाच्या तरी खांद्यावर, पाठीवर, मांडीवर. वरच्याचा पाय जमिनीला लागायचा नाही. एवढंच आहे हे नृत्य. वहीत लिहिलं तेव्हा किती सोपं वाटलं होतं.

३१ जानेवारीपर्यंत चित्रीकरण बंगळूरला पोचायला हवं. महोत्सवात निवड झाली तर तीन वर्षांनी माझं नाव पुन्हा कुठेतरी छापून येईल. लिहूनच टाकते, इथे कोण वाचतंय — मला ते नाव छापून यायला हवं आहे.

१६ नोव्हेंबर, शनिवार

सोनाली हा या नाचाचा पाया आहे. वीस वर्षांची, भातशेतीत वाढलेली. आपल्यापेक्षा वीतभर उंच स्वरूपला पाठीवर घेते आणि चेहऱ्यावर रेषही हलत नाही. ती गेली तर सगळंच गेलं.

तिचे वडील देवजी बावीस वर्षं मुरबाड–म्हसा रस्त्यावर जीप चालवतात. पाचातली चार मुलं म्हशाच्या पुढच्या गावांतली. त्यांना तेच आणतात, तेच नेतात. तालीम चालू असते तेव्हा मुरबाडला बुद्धविहाराच्या मागच्या या समाजमंदिरात दाराशी बसून बघतात. आज एकदम म्हणाले, "ताई, त्या पोराला पडायची भीती वाटतेय. भ्यालं की जड होतंय माणूस."

अगदी बरोबर! बंगळूरच्या कंपनीत चौदा वर्षं नाचले, इतकं नेमकं कुणी बोललं नव्हतं.

२० नोव्हेंबर, बुधवार

एक सवय जात नाही — माणूस मला आधी चालताना दिसतो, चेहरा मागाहून. देवजी चालतात तेव्हा उजवा हात हलत नाही. डावा झुलतो, उजवा खिशात. खिसाही बारीक थरथरतो.

संध्याकाळी ते दारात येऊन थांबले. म्हणजे थांबले नाहीत, अडकले. पाय उंबऱ्यापाशी चिकटल्यासारखे. मी आत मुलांना मोजून देत होते — पाच, सहा, सात, आठ — आणि आठाला त्यांचा पाय सुटला. आत आले, बसले. त्यांनाही कळलं, मलाही.

२४ नोव्हेंबर, रविवार

मुलं यायच्या आधी लादीवर खडूने आडव्या रेघा मारल्या. देवजींना म्हटलं, "या रेघा ओलांडत चला बघू."

"कशाला?"

"चला तर."

हॉलच्या या टोकापासून त्या टोकापर्यंत चालले. एकदाही अडकले नाहीत! टोकाला जाऊन वळले आणि पोरासारखे हसले. मग हसू मावळलं. "तुमाला काय दिसलं, ते बोलू नका."

मी डॉक्टरांचं नाव काढलं. तर म्हणाले, "डॉक्टर नाव ठेवील त्याला. नाव ठेवलं की संपलं."

१ डिसेंबर, रविवार

देवजी आता मुलांबरोबर सुरुवातीचा व्यायाम करतात. खुर्चीत बसून हात, मग उभं राहून वजन डावीकडे, उजवीकडे. मोजणी चालू असेतोवर त्यांचा उजवा हात शांत राहतो. थांबली की पुन्हा सुरू.

स्वरूपला शिकवायला दोन महिने लागले ते या पंचावन्न वर्षांच्या माणसाला उपजत येतं — वजन सोडून द्यायचं, आवळून धरायचं नाही. मिताली म्हणाली, "ताई, काकांना घ्या ना नाचात!" सगळे हसले. सोनाली हसली नाही.

८ डिसेंबर, रविवार

मुलं चहाला गेली होती. देवजी खडूची रेघ बुटाने पुसत उभे होते. म्हणाले,

"हितं ऐकतो गो पाय. गाडीत नाय ऐकत."

आधी मला अर्थच लागला नाही. मग लागला.

"ब्रेक?"

"उशिरा जातो. सांगतो त्याला, जा. मग जातो."

"देवजीभाऊ, गाडीत मुलं असतात."

"बावीस वर्सांत कोंबडी नाय मारली मी."

कुणाला सांगणार नाही ना, म्हणून त्यांनी विचारलं. मी होही म्हटलं नाही, नाहीही म्हटलं नाही. तेवढ्यात मुलं आली आणि मी म्हटलं, चला, पहिल्यापासून.

९ डिसेंबर, सोमवार

शहापूरला कॉलेजचे तास घेतले. काय शिकवलं, आठवत नाही.

१५ डिसेंबर, रविवार

आज अकरा मिनिटं! अकरा मिनिटं वरच्या एकाचाही पाय जमिनीला लागला नाही. मुलं नाचत सुटली. मीही.

गाडी सुटली तेव्हा फाटकात उभी राहून मागचे दिवे लाल होतात का ते बघत होते. वळणावर झाले. जरा उशिरा झाले, की मलाच तसं वाटलं?

२५ डिसेंबर, बुधवार

खरं काय ते लिहावं. मी का बोलत नाही?

त्यांचा मान राखायचा म्हणून — हे एक. पण मी बोलले तर त्याच दिवशी गाडी बंद, गाडी बंद तर मुलं बंद, आणि सोनाली तर पहिल्यांदा बंद. ३१ जानेवारी. हे दुसरं. दुसरंच मोठं आहे.

शिवाय मला बोलायचा हक्क तरी कुठला? माझा खुबा झिजलाय हे मी कंपनीत दोन वर्षं लपवलं. इंजेक्शनं घेऊन नाचले. कारण माझ्या जागेवर चार जणी टपलेल्या. शेवटी भर प्रयोगात पाय गेला, तेव्हा खांद्यावर एक मुलगी होती. ती हातावर पडली. तिचं मनगट पुढे कधी पूर्ण वळलं नाही. सगळ्यांनी अपघात म्हटलं. मीही म्हटलं.

त्यानंतर मी मुरबाडला आले. लोकांना सांगते, गावाची ओढ लागली.

२९ डिसेंबर, रविवार

सतरा मिनिटं. अजून कुणाला सांगितलेलं नाही.

१५ जानेवारी, बुधवार



मितालीची आई, निवड झाली तरी, बंगळूरला पाठवायला तयार होत नव्हती, तिला समजवायला म्हणून मी तालमीनंतर जीपमध्ये बसले. पुढे, देवजींच्या शेजारी. म्हशाची जत्रा भरलेली. रस्ताभर माणसं, बैल, पाळण्यांचे भोंगे. गाडी हळूच होती. एक बाई डोक्यावर गाठोडं घेऊन आडवी आली, कडेवर मूल. देवजींनी तिला बघितलं — नक्की बघितलं, तोंडाने "ए! ए!" म्हणाले — आणि पाय तिथेच. मी खाली बघत होते. उजवा पाय जिथे होता तिथेच!

मी हाताचा ब्रेक ओढला. स्टिअरिंग ढकललं. गाडी बाईच्या पदराला घासून घोंगड्यांच्या दुकानात घुसली. घोंगड्यांचा ढीग होता म्हणून वाचलो. दुकानदार मागे चहा पीत होता म्हणून तोही वाचला. मितालीचा ओठ फाटला, समोरचा दात हलतोय. बाकी कुणाला काही नाही.

"बैल आडवा आला," देवजी लोकांना सांगत होते. "बैल आला हो एकदम." लोक माना डोलवत होते. जत्रेत बैल येणारच.

सोनाली माझ्याकडे बघत होती. तिला माहीत आहे. केव्हापासून माहीत आहे!

१६ जानेवारी, गुरुवार

देवजींच्या घरी गेले. ओटीवर बसलो. म्हटलं, "शनिवारी पालकांची बैठक आहे. तुम्ही स्वतः सांगा. तुम्ही नाही सांगितलंत तर मी सांगेन."

म्हणाले, "त्या रेघा मारल्या नसत्या तुमी तर बरं झालं असतं."

सोनाली वाटेपर्यंत सोडायला आली. म्हणाली, "ताई, बाबा गाडीवर हाय तोवर बाबा हाय. घरात बसला की तो नाय राहायचा. आमाला ठाव हाय तो कसा हाय. तुमी आता आलात." वर म्हणाली, "आन् नाचाचं काय? तीनच मिनिटं राहिलीत."

तिने ते मुद्दाम म्हटलं. मला कुठे लागतं ते तिला बरोबर कळतं.

१८ जानेवारी, शनिवार

चौदा-पंधरा जण आले. बंगळूरचा प्रवास, राहणं, जेवण — सगळं सांगून झालं. देवजी दाराजवळ, नेहमीच्या जागी. मी थांबले. त्यांच्याकडे बघितलं. ते लादीकडे बघत होते. मी आणखी थांबले. मितालीची आई म्हणाली, "झालं का ताई?"

मग मी बोलले. देवजीभाऊंचा उजवा पाय वेळेवर ब्रेकवर जात नाही. बुधवारी बैल नव्हता. त्यांना आजार आहे, औषध आहे, लाज वाटावी असं त्यात काही नाही. पण त्यांनी गाडी चालवू नये. आणि हे मला आठ डिसेंबरपासून माहीत होतं — हेही बोलले. मितालीची आई तेव्हा ज्या नजरेने बघत राहिली ती जन्मभर पुरेल.

देवजी उठले. बाहेर जायला निघाले आणि उंबऱ्यात पाय अडकले. सगळ्यांसमोर. पुढेही जाईनात, मागेही येईनात. उजवा हात खिशातून बाहेर आलेला, फडफडतोय. मला मोजायचं होतं, मोजलं नाही.

सोनाली उठली. बापाच्या पायापुढे तिने आपलं पाऊल आडवं ठेवलं. त्यांनी ते ओलांडलं. तिने पुन्हा पुढे आडवं ठेवलं, त्यांनी पुन्हा ओलांडलं. तसेच दोघं अंगणापर्यंत गेले. तिने मागे वळून बघितलं नाही.

मी खडूने रेघा मारल्या तेव्हा वाटलं होतं, मीच शोधून काढलंय काहीतरी! ती घरी हे कधीपासून करत असणार.

१९ जानेवारी, रविवार

कुणी आलं नाही.

२२ जानेवारी, बुधवार

स्वरूप एकटा आला, मुरबाडचाच आहे म्हणून. अर्धा तास दोघं बसलो. म्हणाला, "लोक बोलतायत, ताईनी माणसाच्या पोटावर पाय दिला." नंतर म्हणाला, "आन् काही लोक बोलतायत, बरं झालं." कोण किती, ते मी विचारलं नाही.

३१ जानेवारी, शुक्रवार

तारीख गेली. पाठवण्यासारखं काही नव्हतं. एकोणीस मिनिटांपर्यंत आलो होतो.

वाईट वाटलं पाहिजे. वाटतंयही. पण रात्रीची झोप लागते, ती महिनाभर लागत नव्हती.

१० फेब्रुवारी, सोमवार

जुन्या कंपनीतून फोन. तालीम-दिग्दर्शक हवी आहे, एक मार्चपासून ये. नाचायचं नाही, नाचवायचं. मी त्याच फोनवर हो म्हटलं. विचार करायला वेळसुद्धा मागितला नाही! इथून निघायचं, बस्स. बाजारात गेलं की बायका बोलायच्या थांबतात. कुणी वाईट बोलत नाही, थांबतात फक्त.

शहापूरच्या कॉलेजला कळवलं. प्राचार्य म्हणाले, वर्षअखेरीपर्यंत थांबला असतात तर. मी नाही थांबत. कुठेच नाही थांबत, हाच माझा दोष असेल.

१४ फेब्रुवारी, शुक्रवार

स्वरूपने बातमी आणली. देवजींना कल्याणला डॉक्टरकडे नेलं होतं. कंपवात. गोळ्या सुरू झाल्या. गाडी आता सोनाली चालवते, परवाना तिने आधीच काढून ठेवला होता. म्हशाच्या स्टँडवरचे बाकीचे ड्रायव्हर आधी हसले, आता रांगेत तिला नंबर देतात.

मग निरोप घ्यायला जाऊ का? जाऊन काय बोलणार? माफी मागायची तर कशाची — सांगितलं त्याची, की सव्वा महिना सांगितलं नाही त्याची?

१९ फेब्रुवारी, बुधवार

पुस्तकं बांधली. हॉलची किल्ली शनिवारी विहाराच्या कमिटीकडे द्यायची.

२२ फेब्रुवारी, शनिवार

बंगळूरला कळवलं, येत नाही. ते चिडले. चिडणारच.

सकाळी हॉल झाडत होते, तर फाटकात जीप. सोनाली चालवत होती. मागचं दार उघडलं आणि एकेक माणूस उतरायला लागला — उतरायला केवढा वेळ! धसईचा एक म्हातारा, हनुवटी सारखी हलतेय. म्हशाच्या दोन बायका, एकमेकींचे हात घट्ट धरून. भातसानगरचे एक निवृत्त कर्मचारी, इस्त्रीच्या शर्टात, चेहरा दगडासारखा. नऊ जण, सगळे देवजींच्याच आजाराचे. कुणी दोन वर्षं घराबाहेर पडलं नव्हतं, कुणी चार. बावीस वर्षं कोण कुठल्या थांब्यावर चढतं हे देवजींना पाठ. कोण चढायचं बंद झालं, तेही पाठ. आठवडाभर ते दारोदार फिरले होते.

माझ्याशी बोलले नाहीत. नऊ जणांना खुर्च्यांवर बसवलं, आपण दहाव्या खुर्चीवर बसले आणि त्यांना म्हणाले,

"हिच्याफुडं काय लपवायचं नाय. लपवलंत तर ही भर सभेत सांगते. मी बघितलाय."