गुलछडीचा रिकामा दिवस

चिंचवड,
फाल्गुन, १९७६

तीर्थरूप मारुतराव मामांस,

भाचा विलास याचा चाकणच्या दिशेला तोंड करून साष्टांग नमस्कार. इकडे सर्व ठीक. तिकडे तुमची कंबर, मामींचा दमा आणि विहिरीचे पाणी, तिन्ही कशी आहेत ते कळवावे. (कंबर दुखत नाही हे मला ठाऊक आहे, पण रजेच्या अर्जावर तीच आहे, म्हणून आधी तिची विचारपूस.) तुम्ही रजा वाढवलीत, परत आलात तरी दुसऱ्या खात्यात बदली मागणार, आणि इथून पुढे गोष्ट म्हणून तोंडातून काढणार नाही, असे मामींकडून कळले. मामा, तुमचा राग रास्त आहे. सावकाश या. आमचे उत्तम चालले आहे.

खरे तर चूक कुणाची म्हणायची? जेवणाच्या सुट्टीत सायकल स्टँडमागच्या लिंबाखाली तुम्ही वर्षानुवर्षे रायाजीची गोष्ट सांगत आलात. त्याचा भाऊ समुद्रातल्या किल्ल्यात कैदेत, हा सोडवायला निघालेला, आणि बसायला गुलछडी घोडी. गोष्ट तुमची, घोडी तुमची, मारायची तर तुम्हीच मारणार. पण खाडीच्या चिखलात गोळी लागून तिने रायाजीच्या मांडीवर मान टाकली, त्या शनिवारी आपल्या लेथवरच्या गेनबाने भाकरी तशीच फडक्यात बांधली, आणि रविवारी न्हाव्याकडे जाऊन मिशी उतरवली. घोडीसाठी. एरवी खपून गेले असते, पण त्याचे वडील धर्माजी चांगले धडधाकट आहेत. बाप जिवंत असताना मिशी काढलेला मुलगा दारात उभा, म्हणजे म्हाताऱ्याने काय समजायचे? (गेनबाच्या बायकोने, सरुबाईने, म्हणे सासऱ्याच्या नाकाशी बोट धरून पाहिले. ते तेव्हा चहा पीत होते.) मग सोमवारी धर्माजी काठी घेऊन कंपनीच्या गेटवर आले आणि सगळ्या शिफ्टदेखत म्हणाले, "मला जित्तेपणी मारनारा त्यो मारुती कंचा?" तुम्ही मान खाली घालून गेलात ते गेलातच.

त्यानंतर लिंबाखाली नुसता डब्यांचा आवाज. शेवटी आबाजी वेल्डर म्हणाला, "भाचा हाय न्हवं, त्याला सांगू द्या." आता पुढे काय होणार हे मला कुठे ठाऊक? आणि ठाऊक असते तरी तुमच्या गोष्टीला हात लावायची माझी छाती नाही. म्हणून मी मागे गेलो. गुलछडी जिवंत असतानाचा एक दिवस घेतला, तुमच्याकडून सांगायचा राहून गेलेला. (असा दिवस नव्हताच. माफी असावी.) रायाजी इंद्रायणीच्या काठी येतो, तर नावाडी होडीत गाढ झोपलेला. उठवावे, तर त्याच्या छातीवर मांजर झोपलेले. रायाजी म्हणतो, बसू. घोडी गुडघाभर पाण्यात जाते, पिते, आणि तिथेच उभ्या उभ्या डोळे मिटते. पलीकडे कुणाची तरी लुगडी वाळत पडली आहेत, हिरवे, तांबडे, परत हिरवे. काठावरची जाईबाई नावाची म्हातारी कांदा-भाकरी देते आणि कुठला, कुणाचा, काही विचारत नाही. ऊन सरकते तशी सावली सरकते, सावलीबरोबर रायाजी सरकतो. संध्याकाळी मांजर उठते, मग नावाडी उठतो, सगळे पलीकडे जातात. संपला दिवस.

मला वाटले, आता हे मला डब्यांनी मारणार. ना लढाई, ना भाऊ सुटला, ना किल्ला एक बोटभर जवळ आला. पण भोंगा वाजला तरी कुणी उठेना. मग गेनबाने विचारले, "पानी गार व्हतं का रं?" मी म्हटले, होते. त्याने मान हलवली आणि मशीनवर गेला. तेव्हापासून रोज तोच दिवस मागतात. आबाजी म्हणतो, उद्या बी ह्योच दिस सांग, फकस्त मांजर जरा उशिरा उठव. मामा, आपल्याकडे सकाळपासून सगळे पुढेच ढकलायचे असते, नग पुढे, पट्टा पुढे, घड्याळ पुढे. तेवढ्यात कुणीतरी म्हणते, बसू. मला वाटते त्याचीच ही गोडी आहे. त्या दिवसात घोडीला काही होत नाही, आणि ऐकताना खाडीची आठवण कुणालाच राहत नाही.

तर काळजी नसावी. तुमच्यावाचून काही अडलेले नाही. मामींना नमस्कार.

तुमचा भाचा आणि लिंबाखालचा बदली कामगार,
विलास

ता. क. धर्माजींचा राग उतरला आहे. गेनबाने त्यांना घरी तो नदीकाठचा दिवस सांगितला, तर ऐकता ऐकता म्हातारा बसल्या जागी झोपला. (सरुबाई पुन्हा बोट धरून आली.) जागे झाल्यावर म्हणाले, मारुतीला म्हनावं, ये.

आणखी ता. क. वर सगळे उत्तम चालले आहे असे लिहिले ते खोडावे असे मनात होते, पण कागद खराब होईल म्हणून राहू दिले. काल सांगता सांगता मी समोर पाहिले. गेनबा, आबाजी, सगळ्यांचे डोळे जड झालेले, जो तो नदीकाठी पोचलेला. मी एकटाच लिंबाखाली. मांजर कधी उठवायचे, ऊन कुठवर आणायचे, सगळे माझ्याच डोक्याला. मला ते पाणी गार लागत नाही, मामा. घोडी जिवंत ठेवा, मेलेली ठेवा, भावाला सोडवा नाहीतर सोडवू नका. पण सांगायला तुम्ही या, म्हणजे मला ऐकायला बसता येईल.