सातव्या क्रमांकाची फळी

ऑस्ट्री व्हर्ह,
जुलैचा पहिला रविवार

प्रिय सिरिल,

तुझं पत्र आणि गावाच्या इतिहासाची तुझी पुस्तिका, दोन्ही मिळाली. नकाशा सुबक काढलायस. एक नंबरला टेकडीवरचं सेंट अ‍ॅनचं चर्च, चारला पाण्यावरची लाकूडगिरणी, म्हणजे तुमचं घर, आणि सातला माझं मधमाश्यांचं घर. पोस्टवाली क्रिस्टा म्हणाली, "तिल्का, तू पण आता प्रेक्षणीय झालीस. जरा केस विंचरत जा." मी हसले. मग तिसरं पान वाचलं.

तिथे तू लिहिलंयस की पारावरचा चारशे वर्षांचा लिंडन वृक्ष एका मधपाळाच्या निष्काळजीपणामुळे जळाला. नाव घातलं नाहीस. गावात मधपाळ एकच होता, सिरिल. माझे बाबा.

तो पंधरा ऑगस्ट मला कालच्यासारखा आठवतो. अख्खं गाव पलीकडच्या डोंगरावर मारियाच्या यात्रेला गेलं होतं. मागे राहिले फक्त तुझे वडील, 'कंबर धरलीय' म्हणून. आदल्या दिवशी बाबांनी त्या झाडाच्या ढोलीतून मधमाश्यांचा थवा उतरवला होता आणि धूर द्यायचं भांडं तिथंच विसरले होते. आम्ही परतलो तेव्हा लिंडन आडवा पडला होता, ढोलीत पेंढा धुमसत होता, आणि कंबर धरलेला माणूस करवत घेऊन उभा होता. "आतून पेटलं होतं," ते म्हणाले. "घरांवर कोसळलं असतं, म्हणून पाडलं. आता फक्त सरपणाच्या लायकीचं." बाबांचं भांडं त्यांनी सगळ्यांना दाखवलं. पुढच्याच महिन्यात गिरणीचे ट्रक त्या मोकळ्या जागेतून आरामात वळू लागले. पण कुणी तोंड उघडलं नाही, कारण प्रत्येकाला घरासाठी फळ्या हव्या होत्या.

बाबा नंतर अकरा वर्षं जगले. चर्चमध्ये त्यांच्या शेजारची जागा रिकामी राहायची. ते गेले त्या सकाळी, आपल्याकडच्या रीतीप्रमाणे, मी एकेका पेटीवर टकटक करून माश्यांना सांगितलं, "मालक गेले." माश्या गुणगुणल्या. गावातून चार माणसं आली. तू आला नाहीस. आगलाव्याची पोर सून म्हणून नको, असं तुझ्या वडिलांनी सांगितलं आणि तू ल्युब्लियानाची बस पकडलीस, तेही मी तुला माफ केलं होतं. वाटायचं, बिचारा बापाच्या शब्दावर विश्वासला.

मग या वसंतात तू घर विकायला काढलंस आणि जुनं सामान अंगणात मांडलंस. तुझ्या खोलीतलं कपाट मी विकत घेतलं. मोह झाला, दुसरं काही नाही. घरी आणून उघडलं, तर पाठ एकाच अखंड फळीची, लिंडनची. एवढ्या रुंद खोडाचं झाड या खोऱ्यात एकच होतं. फळी दुधासारखी स्वच्छ होती, जळाल्याची एक रेघ नाही. फक्त मधोमध लोखंडाच्या गंजाने पडलेला एक काळा डाग, आणि त्यात तोडलेल्या लोखंडी कडीचं टोक. लिंडनच्या खोडात ठोकलेली तीच कडी, सिरिल, जिला पूर्वी गावसभा खोटं बोलणाऱ्याला दिवसभर बांधून ठेवायची, आणि जिच्यावर हात ठेवून तू मला वचन दिलं होतंस. त्या डागाच्या वीतभर वर, तुझ्या अक्षरातलं, तुझ्या कॉलेजचं वेळापत्रक चिकटवलेलं आहे. म्हणजे गाव सोडेपर्यंत तू रोज सकाळी शर्ट काढताना ती कडी पाहत होतास. आणि तरी तू तिसरं पान लिहिलंस.

आपल्या पूर्वजांनी मधमाश्यांच्या पेट्यांच्या दर्शनी फळ्यांवर चित्रं उगाच नाही रंगवली. चहाडखोराची जीभ सहाणेवर घासणारा सैतान माझ्या आजोबांच्या फळीवर आजही दात काढतो, आणि तो चहाडखोर कोण, हे शेंबडं पोरही सांगतं. कोर्टातला निकाल विसरतात, पेटीवरचा विसरत नाहीत. मी त्या कपाटाची पाठ कापली आणि डागाचा तुकडा घेऊन नवी फळी रंगवली. त्यात यात्रेला निघालेलं गाव आहे, पेंढा पेटवणारा आणि करवत धरलेला तुझा बाप आहे, नाकडोळ्यांसकट. कडीचं टोक तसंच ठेवलंय. दाराजवळच्या पेटीवर, डोळ्यांच्या उंचीला बसवलीय. वर कापड टाकलंय.

तू विचारलंयस की सेंट अ‍ॅनच्या जत्रेला पुस्तिकेच्या प्रकाशनाचं भाषण माझ्या मधघरासमोर केलं तर चालेल का. त्याचंच उत्तर द्यायला बसले होते. ये. सगळं गाव असेल, शहरातले पाहुणे असतील, तुझा नकाशाच त्यांना आणील. तिसऱ्या पानामागचं खरं तू स्वतः सांगितलंस, तरी फळीवरचं कापड मी काढणारच. तुझ्या बापाला सूट नाही. पण कडीच्या शेजारी मी एका माणसापुरती जागा कोरी सोडलीय. हातात लेखणी असलेला मुलगा तिथे काढायचा की नाही, ते तुझं भाषण ऐकून ठरवीन. रंग कालवून ठेवलेत.

एके काळी तुझीच, आता फक्त फ्लोरियान मधपाळाची मुलगी,
तिल्का