मान न हलवता

टॉनर, ३ मार्च १९३४

चि. थोरास आईचे अनेक आशीर्वाद, आणि हे लिहून देणाऱ्या तुझ्या डॉर्थे आत्याचेही.

तू घडवलेला चष्मा पोचला. समोर बघितलं तर लख्ख दिसतं, यात वाद नाही. पण नजर जरा बाजूला गेली की दाराची चौकट पिंपासारखी फुगते. परवा पाद्रीणबाई आल्या होत्या. मी कॉफी कपाऐवजी टेबलावर ओतली आणि त्यांनी ते दिसलंच नाही असं दाखवलं, त्याचा मला जास्त राग आला. लेस विणायची, टाचण्या टोचलेली उशी पुढ्यात घेतली, तर मधल्या टाचण्या सरळ आणि कडेच्या नाचऱ्या. कडच नीट नसेल तर लेस कसली?

मोतीबिंदू काढून घ्यायला मी तुझ्या शब्दाखातर तयार झाले. डॉक्टर चांगला होता. आता भिंगं पुरे झाली. तू जगासाठी दुर्बिणी कर, मी बटाटे सोलेन.

लोभ आहेच, पार्सल मात्र नको.

तुझी आई, मारेन

ता. क. हे मी, आत्या, पदरचं लिहितेय. तिला वाटतंय मी पत्ता घालतेय. तिनं लेसच्या दोऱ्यांची लाकडी रिळं पिठाच्या पिशवीत भरलीत. ईस्टर झाला की शाळेला देऊन टाकणार म्हणते. रिकाम्या उशीवर मान खाली घालून बसून राहते, आणि मी खोलीत आले की उठते. काहीतरी कर गं.

कोपनहेगन, ८ मार्च

ति. आईस नमस्कार, आणि तुझ्या रागालाही. आत्या, हे मोठ्यानं वाच आणि काही गाळू नकोस.

चूक माझी आहे, आणि लाजिरवाणी आहे. सगळे जण भिंग चेंडूच्या कापासारखं गोल घडवतात, कारण यंत्राला तेवढंच येतं. मी ते कडेकडे हळूहळू सपाट करत नेते. कारखान्यात त्याला माझं खूळ म्हणतात. पण कितीतरी पेशंटांनी त्यातून वर्तमानपत्र घडाघडा वाचलं, म्हणून मी खुशीत होते. ते सगळे वाचताना मान वळवत होते, आई. म्हणजे कायम भिंगाच्या मधल्या भागातूनच बघत होते. लेस विणणारी बाई मान हलवत नाही, नुसते डोळे फिरवते, हे मला कुणी सांगायला हवं होतं का? लहानपणी विणताना माझी मान हलली की तू टाळूवर टिचकी मारायचीस. तुझ्या उशीशेजारी वाढले, आणि गणित मांडलं मान वळवणाऱ्यांसाठी.

आता कडांचा हिशोब नव्यानं केलाय. यंत्राच्या आवाक्याबाहेरचं आहे, म्हणून हातानंच घासतेय. दर वेळी हाताची ऊब काचेतून जाईपर्यंत थांबावं लागतं, नाहीतर माप खोटं येतं. साहेब म्हणतात, ही शेवटची जोडी. नाही जमली तर चष्म्यांचं काम बंद. मला भीती त्याची नाही. ऑपरेशनला तुला मीच भरीस घातलं. तुझे हात रिकामे राहिले तर मला आरशात तोंड बघवणार नाही.

ईस्टरला मी स्वतः चष्मा घेऊन येते. लोभ ठेव, तो जमत नसेल तर निदान रिळं ठेव.

तुझी थोरा

टॉनर, १० एप्रिल

चि. थोरास आशीर्वाद.

अक्षर वाकडं आहे, पण माझं आहे. आता पत्रात घुसायला जागा उरली नाही म्हणून आत्या रुसली आहे.

रिळांवरचं पीठ अजून झटकतेय. चौकट पुन्हा चौकटीसारखी दिसते. लेसचा एक तुकडा सोबत पाठवते. तो तुझ्या साहेबांना दे, आणि म्हणावं, कडेची ओळ तुमच्या भिंगाखाली धरून बघा. सापडली चूक तर मला कळवा.

एक सांगायचं राहिलं. ईस्टरच्या दिवशी तू माझ्या डाव्या हाताला, खिडकीशी बसली होतीस. माझी मान उशीवर झुकलेली, म्हणून तुला वाटलं आईचं लक्ष नाही. लहानपणी साखर पळवायचीस तेव्हाही तुला तसंच वाटायचं. पण भिंगाच्या कडेतून मला दिसत होतं. तू रडत होतीस. कानावरचे केस पांढरे झालेत तुझे, ते मला कुणी सांगितलंच नव्हतं.

मी मान वळवली नाही. वळवली असती तर तू डोळे पुसून हसली असतीस, आणि मला तुला अजून जरा बघायचं होतं.

तुझी आई