परवाच्या भागात तुम्ही का नव्हतात

तीर्थस्वरूप मामांस,

भाच्याचा साष्टांग नमस्कार. (तुमची मिशी चिकटवलेली आहे, त्यामुळे कपाळ जरा बेतानेच टेकवतो आहे.) गुडघा कसा आहे? तुम्ही हल्ली लंगडत नाही, असं बातम्यांत दिसलं. आनंद झाला, पण आधी कळवलं असतंत तर बरं झालं असतं. टीव्हीवरच्या आमच्या नकलांच्या कार्यक्रमात मी अजून लंगडतोच आहे.

मामींचा फोन आला होता. परवाच्या भागात आम्ही तुमची टर उडवली नाही म्हणून तुम्ही जेवला नाहीत म्हणे. शेजारच्या खात्याच्या मंत्र्याला दहा मिनिटं आणि आपल्याला साधा चिमटासुद्धा नाही, म्हणजे आपलं राजकारण संपलं, असं म्हणून टीव्हीकडे पाठ करून बसलात. अहो मामा, भाचा जिवंत असताना असं होईल का? तुमच्या चुकांवर तर माझं घर चालतं.

झालं ते असं. आमचे विनोद सकाळी लिहून होतात, दुपारी चित्रित होतात, रात्री दिसतात. सकाळी आमच्या लेखिकाबाईंनी (बाई हसत नाहीत, फक्त लिहितात) प्रवेश लिहिला: रस्तेमंत्री, म्हणजे तुम्ही, अर्ध्याच बांधलेल्या पुलाचं उद्घाटन करतात आणि म्हणतात, उरलेला अर्धा जनतेच्या विश्वासावर उभा आहे. आम्ही पोट धरून हसलो. पुठ्ठ्याचा पूल उभा राहिला, मी कोट चढवला, फीत कापायला कात्री उचलली, तेवढ्यात कोपऱ्यातल्या टीव्हीवर तुम्ही! खरा पूल, अर्धाच. वाक्यसुद्धा तेच. निर्मात्यांनी कपाळावर हात मारला. "ही आता बातमी झाली," म्हणाले, "विनोद म्हणून कोण बघेल?" प्रवेश गेला कचऱ्यात आणि मी कात्री धरून तसाच उभा. मामा, तुमची नक्कल मला जमते, तुमच्याशी स्पर्धा नाही जमत.

रुसू नका. वेळेवर जेवत जा. मामींना नमस्कार.

तुमचा (आठवड्यातून एकदा हुबेहूब तुमच्यासारखा)
भाचा

ता. क. पुढच्या उद्घाटनाआधी फक्त एक फोन करा. एवढंच मागणं.

ता. क. दुसरा. खरं मागणं वेगळंच आहे. मामी म्हणाल्या, चिडून तुम्ही तो पूल खरोखरच पुरा करायला सांगितलाय. मामा, पाया पडतो, असला अविचार करू नका. लोक तुम्हाला चांगलं म्हणायला लागले तर मी काय करू? मुलीची अजून सगळी शाळा व्हायची आहे.

ता. क. तिसरा. हिने आत्ता खांद्यावरून पत्र वाचलं. मुलीची शाळेची बस त्याच पुलावरून जाणार आहे म्हणे. पूल पुरा करा, मामा. मंत्री मला दुसरा मिळेल.